शिक्षेआधीचं बोलणं

टिळकांच्या शेंगांच्या टरफलांची गोष्ट आपण शाळेत ऐकली. ही कोर्टातली.

२३ जुलै १८५६ ला रत्नागिरीत जन्मलेला हा गणिताचा पदवीधर १९०८ साली ‘केसरी’तल्या लेखांमुळे मुंबई हायकोर्टात आरोपी म्हणून उभा राहिला. वकील न देता स्वतःच २१ तास बोलला! ज्युरीने सात विरुद्ध दोन मतांनी दोषी ठरवलं. शिक्षेआधी काही सांगायचंय का, असं विचारल्यावर टिळकांनी दया मागितली नाही. कोर्टाच्याही वर एक शक्ती आहे आणि आपल्या सोसण्यानेच कार्य वाढेल, एवढंच सांगितलं. न्या. दावर यांनी सहा वर्षांची शिक्षा दिली. ती मंडालेत भोगली.

१९१६ साली बेळगाव आणि आपल्या नगरला (आताचं अहिल्यानगर) होमरूलवर भाषणं केली, म्हणून २०,००० रुपयांचा जातमुचलका मागितला गेला. बॅ. जिना लढले, हायकोर्टाने तो हुकूम रद्द केला. १ ऑगस्ट १९२० ला टिळक गेले.

१९७३ च्या संहितेत कलम २३५(२) ने शिक्षेबाबत आरोपीचं ऐकून घेणं आवश्यक झालं. आता नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम २५८ मध्ये आहे. दोष ठरला म्हणून माणसाचं बोलणं संपत नाही. हॉस्टेलात कुणाला दंड करतानाही हे आठवूया.