कोणत्या गावचा डेव्हिड?

1985च्या दिवाळीनंतरची गोष्ट. बँकेने मला दवनीवाड्याला पाठवले होते. गोंदिया तेव्हा भंडारा जिल्ह्यात होते. धान कापणीला आलेले, आणि गावोगाव मंडईचे दिवस. एरवी मंडईच्या रात्री दंडार नाहीतर नाटक. त्या वर्षी पोरांनी वर्गणी काढून व्हिडिओ आणला होता. चित्रपट होता हृषीकेश मुखर्जींचा 'गोलमाल'. अमोल पालेकर आणि उत्पल दत्त यांच्यावर हशा पिकत होता; पण माझ्या शेजारी बसलेल्या एका म्हाताऱ्या खातेदाराची नजर तिसऱ्याच माणसावर होती. नायकाला साहेबाच्या लहरी समजावून सांगणारा तो ठेंगणा, टकला डॉक्टर! बाबाजी स्वतः तरुणपणी दंडारीत काम केलेले. या नटाचे गाव कोणते, असे त्यांनी मला विचारले. मी शहरी तोऱ्यात सांगून टाकले, की नाव डेव्हिड आहे, म्हणजे गोव्याकडचा ख्रिश्चन असणार.

उत्तर साफ चुकीचे होते. त्या नटाचे पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. चेऊल म्हणजे आपले अलिबागजवळचे चौल. जन्म 1909चा, बेने इस्रायली कुटुंबातला. हे कोकणातले ज्यू. त्यांचे पूर्वज नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून आले अशी त्यांच्यात परंपरा आहे. तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी काम बंद ठेवत, म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणत. आडनावे गावांवरून, आणि घरातली भाषा मराठी.

1930 साली डेव्हिड मुंबई विद्यापीठाचा बी.ए. झाला. त्यानंतर जवळजवळ सहा वर्षे त्याला धड नोकरी मिळाली नाही. पुढे त्याने कायद्याची पदवीही घेतली. नोकरीच्या अर्जांची चवड आम्ही बँकवाल्यांनी पुष्कळ पाहिली आहे, तेव्हा ती सहा वर्षे मला नीट दिसतात. शेवटी एका मित्राच्या ओळखीने 1937 साली भवनानींच्या 'झांबो'मध्ये त्याला काम मिळाले. वय अठ्ठावीसच्या आसपास आणि भूमिका वयाने बऱ्याच थोर असलेल्या प्रोफेसराची! बुटका बांधा नायकाच्या चौकटीत बसणारा नव्हता. दुसरा एखादा त्याच दुःखात झिजला असता. डेव्हिडने त्या पहिल्याच पोक्त भूमिकेवर पुढचा संसार उभारला आणि चाळीस वर्षांत शंभराहून अधिक चित्रपट केले.

त्यातला मुकुटमणी म्हणजे 1954चा 'बूट पॉलिश'. राज कपूर निर्माते, प्रकाश अरोरा दिग्दर्शक. दोन पोरकी भावंडे, त्यांना भीक मागायला लावणारी काकू, आणि चोरट्या दारूचा धंदा करणारा जॉन चाचा. स्वतः कायदा मोडणारा हा माणूस पोरांना मात्र कष्टाने मिळवायला शिकवतो. ही भूमिका उपदेशात बुडायला वेळ लागला नसता. डेव्हिडने तिला मिस्कील ठेवले. तुरुंगात टकल्या कैद्यांबरोबर तो पावसाला आळवतो, आवाज मन्ना डे यांचा आणि बाज शास्त्रीय, तो प्रसंग आठवून पाहा. फिल्मफेअरने साहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार 1955 साली प्रथम दिला, तो यालाच. 1969 साली पद्मश्रीही आली.

पुढची पिढी त्याला ओळखते ती काका-मामांच्या भूमिकांतून. 'चुपके चुपके'तले हरिपद भैया, 'बातों बातों में'तले अंकल टॉम. मला विचाराल तर त्याचे सर्वांत बारीक काम 'अभिमान'मध्ये आहे. नवपरिणीत जोडपे गाते, पाहुणे खूश होतात, आणि या एकट्या जाणकाराला कळते की बायको नवऱ्याहून सरस आहे आणि इथेच घोटाळा होणार. पडद्यावर काही मिनिटे, पण पुढची सगळी कथा त्या चेहऱ्यावर आधीच उमटून जाते. बँकेत आयुष्यभर दुसऱ्या क्रमांकाचा अधिकारी राहिल्यामुळे असेल, पण तो प्रसंग पाहताना मी आजही सरसावून बसतो.

पडद्याबाहेर तो समारंभांचे सूत्रसंचालन फर्डे करी, आणि वेटलिफ्टिंगच्या संघटनेत वर्षानुवर्षे राबला. लग्न केले नाही. शेवट 1981-82च्या हिवाळ्यात, दूर कॅनडात टोरांटोला झाला. चेऊलकर हे आडनाव पडद्यावर कधी मिरवले नाही, आणि आपल्या मराठी घरांनीही हा आपला माणूस म्हणून कधी फारशी चौकशी केली नाही. मीही त्यातलाच.

खरे उत्तर मला बदली होऊन कितीतरी वर्षांनी कळले. तोवर बाबाजी गेले होते. गेल्या वर्षी कामानिमित्त दवनीवाड्याला गेलो, तेव्हा त्यांचा नातू भेटला. त्याला ही हकिगत सांगितली. त्याने तिथेच मोबाइलवर 'गोलमाल' काढला, डॉक्टर येईपर्यंत चित्रपट पुढे सरकवला, थोडा वेळ पाहिले, आणि चौल नेमके कुठे, असे विचारले. अलिबागहून रेवदंड्याकडे जाणारा रस्ता मी त्याला त्याच मोबाइलवर दाखवला.