हसवणारी ल्युसी, मालकीण ल्युसी

विनोदी मालिकेतली बाई म्हटलं की वेंधळी, धांदरट, नवऱ्याची बोलणी खाणारी. अमेरिकेत १९५१ साली सुरू झालेल्या ‘आय लव्ह ल्युसी’तली ल्युसी अगदी तश्शीच होती. पण ती उभी करणारी ल्युसिल बॉल खऱ्या आयुष्यात पुढे एका मोठ्या स्टुडिओची मालकीण झाली. मला तिची ही दुसरी बाजूच जास्त मोलाची वाटते.

तिचा जन्म ६ ऑगस्ट १९११ चा, न्यूयॉर्क राज्यातल्या जेम्सटाऊनचा. वडील टेलिफोनच्या तारा ओढण्याचं काम करायचे. ती तीन वर्षांची असतानाच ते विषमज्वराने गेले. न्यूयॉर्कच्या नाट्यशाळेने, ही पोरगी फार बुजरी आहे, असं सांगून तिला घरी धाडलं. मग मॉडेलिंग केलं, १९३३ मध्ये हॉलिवूड गाठलं आणि वर्षानुवर्षं दुय्यम चित्रपटांत लहानमोठी कामं केली. १९४० मध्ये डेसी अर्नाझ या क्यूबन गायक-वादकाशी लग्न झालं.

रेडिओवरची तिची मालिका गाजली, तेव्हा सीबीएसने ती टीव्हीवर आणायचं ठरवलं. नवऱ्याच्या भूमिकेत डेसीच हवा, असा तिने हट्ट धरला. परदेशी वळणाचं इंग्रजी बोलणारा नवरा प्रेक्षकांना रुचेल का, ही कंपनीची शंका. मग १९५० मध्ये दोघांनी गावोगाव रंगमंचावर कार्यक्रम केले आणि लोक हसतात हे दाखवूनच दिलं. त्याच वर्षी ‘डेसिलू’ ही दोघांची कंपनी उभी राहिली.

खरी गंमत पुढे आहे. तेव्हा बहुतेक कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपित व्हायचे आणि दूरच्या प्रेक्षकांना त्यांची धूसर प्रत बघावी लागायची. या दोघांना हॉलिवूड सोडायचं नव्हतं. म्हणून समोर प्रेक्षक बसवून तीन कॅमेऱ्यांनी फिल्मवर चित्रीकरण करायचं ठरलं. खर्च वाढणार होता. त्यांनी स्वतःचं मानधन कमी करून घेतलं, पण बदल्यात भागांची मालकी मागितली. एकदा दाखवलेला कार्यक्रम पुन्हा कोण बघणार, असा तो काळ! पण फिल्म टिकली, भाग पुन्हा पुन्हा दाखवले गेले आणि पुढे ते सीबीएसलाच लाखो डॉलरना विकले गेले. १९५७ मध्ये डेसिलूने आरकेओचे स्टुडिओ विकत घेतले. जिथे ल्युसी कधीकाळी पगारी नटी होती, तेच हे आरकेओ.

मालिका सुरू असताना ती गरोदर राहिली, तेव्हा तिला पडद्याआड न लपवता ते कथेतच घेतलं. ‘गरोदर’ हा शब्द उच्चारायला मात्र बंदी, आणि संहिता धर्मगुरू तपासणार! १९ जानेवारी १९५३ ला मालिकेत बाळ जन्मलं आणि त्याच दिवशी तिच्या खऱ्या मुलाचाही जन्म झाला. सुमारे ४ कोटी ४० लाख लोकांनी तो भाग पाहिला.

घरात मात्र सूर बिघडले होते. डेसीची दारू, बाहेरची प्रकरणं. १९६० मध्ये घटस्फोट झाला. दोन वर्षांनी तिने डेसीचा हिस्सा विकत घेतला आणि कंपनीची अध्यक्ष झाली. एवढा मोठा टीव्ही स्टुडिओ चालवणारी ती अमेरिकेतली पहिली बाई. ‘स्टार ट्रेक’ आणि ‘मिशन: इम्पॉसिबल’ या महागड्या मालिकांना कंपनीतल्या जाणत्यांचा विरोध असतानाही तिने पाठबळ दिलं. दोन्ही १९६६ मध्ये पडद्यावर आल्या. पुढच्याच वर्षी तिने कंपनी सुमारे १ कोटी ७० लाख डॉलरना विकली; अभिनय मात्र सुरूच ठेवला.

शेवटची मालिका, १९८६ ची, साफ पडली. २६ एप्रिल १९८९ ला ती गेली, सत्त्याहत्तराव्या वर्षी.

बचत गटाच्या बायकांना मी तिची गोष्ट सांगते ती मालकीच्या मुद्द्यासाठी. पापड आमचे, मेहनत आमची, पण परवाना, खातं, दुकान कुणाच्या नावावर, हे विचारायला आम्ही अजून कचरतो. रोजचे चार पैसे कमी मिळाले तरी चालतील, पण आपल्या हातचं काम आपल्या नावावर राहू दे, एवढा हिशेब ल्युसीने वेळेवर मांडला होता. मैत्रिणींनो, आपली कागदपत्रं एकदा काढून बघूया का?