खिळ्यांपासून आयोडीनपर्यंत : शंकर आबाजी भिसे

जखमेवर लावायचे तपकिरी आयोडीन आज प्रत्येक प्राथमिक आरोग्य केंद्रात असते. ते फारसे झोंबत नाही आणि पाण्याने धुऊन निघते. जुने टिंक्चर आयोडीन ज्यांनी लहानपणी फुटलेल्या गुडघ्यावर सोसले, त्यांना ती आग अजून आठवत असेल. आयोडीन पाण्यात मिसळावे आणि शरीराला सोसावे, यासाठी शंभर वर्षांपूर्वी खटपट करणाऱ्यांत एक मराठी माणूसही होता. तो डॉक्टर नव्हता, रसायनशास्त्राची पदवीही त्याच्याकडे नव्हती. छापखान्याचे खिळे ओतणारे यंत्र ही त्याची मुख्य ओळख. नाव शंकर आबाजी भिसे.

भिसे यांचा जन्म २९ एप्रिल १८६७ चा, मुंबईतला. शाळकरी वयातच त्यांनी घरी दगडी कोळशापासून दिव्याचा गॅस तयार करण्याचे उपकरण जुळवले होते. प्रयोग करण्यासाठी लागणारी प्रयोगशाळा त्या काळी हिंदी तरुणाला सहजासहजी कुठे मिळणार? घर हीच प्रयोगशाळा आणि परदेशी नियतकालिके हेच गुरू. पुढे प्रकाशाच्या परावर्तनाचा उपयोग करून एक वस्तू प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत दुसरीत बदलल्याचा भास निर्माण करणारे खेळ त्यांनी बसवले आणि ते थेट इंग्लंडमध्ये मँचेस्टरला करून दाखवले. मुंबईत त्यांनी विज्ञानाची आवड असणाऱ्यांचे एक मंडळ काढले, ‘विविध कला प्रकाश’ नावाचे मराठी मासिकही चालवले. आगगाडीत पुढचे स्टेशन दाखवणारा दर्शक, आतल्या मालात भेसळ करता येणार नाही अशी बाटली, असे त्यांचे विषय होते. रोजच्या व्यवहारात जिथे अडते, तिथे त्यांचे लक्ष जाई.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लंडनच्या एका नियतकालिकाने स्पर्धा जाहीर केली. साखर, पीठ असा किराणा माल आपोआप तोलून देणारे यंत्र हवे होते. वाटते तितके हे सोपे नाही. तराजू समतोल झाला त्या क्षणी झडप बंद केली, तरी वाटेत असलेला माल पडतच राहतो आणि वजन जास्त भरते. झडप जरा आधीच बंद व्हायला हवी, पण किती आधी, हे मालाच्या धारेवर अवलंबून. साखरेची धार वेगळी, पिठाची वेगळी. या स्पर्धेत ब्रिटिश इंजिनिअरांना मागे टाकून बक्षीस भिसे यांनी पटकावले.

या यशावर ते लंडनला गेले. काँग्रेसचे चिटणीस दिनशा वाच्छा यांचे पत्र घेऊन त्यांनी गाठले ते दादाभाई नौरोजींचे घर. भारताची संपत्ती इंग्लंडकडे कशी वाहून जाते, याचा हिशेब आयुष्यभर मांडणाऱ्या दादाभाईंनी या तरुणाच्या यंत्रांत स्वतःचे पैसे घातले. ही गोष्ट भिसे यांच्या चरित्रात सहसा एका ओळीत आटोपली जाते. पण हिंदी माणसाने यंत्र नुसते वापरू नये, ते त्याने घडवावे, ही त्यामागची दृष्टी विसरता येत नाही. भिसे यांनी जाहिरातीचे विजेचे दिवे केले, त्यातला एक लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये झळकला. स्वयंपाकघरातली उपकरणे, आपोआप पाणी सोडणारी शौचालयाची टाकी, असे बरेच काही केले. पैसा मात्र बेताचाच आला.

मग त्यांनी खिळ्यांचा प्रश्न हाती घेतला. कॉम्प्युटर येण्यापूर्वी अमरावती-अकोल्यातल्या छापखान्यांतही एकेक खिळा उचलून मजकूर जुळवणारे कंपोझिटर अनेकांनी पाहिले असतील. शिसे, अँटिमनी आणि कथील यांच्या मिश्रधातूचा रस साच्यात ओतून हे खिळे तयार होत. खिळा केसभर उंच-बुटका झाला, तरी छपाई डागाळते. साचा लवकर थंड व्हायला हवा, पण रस कोपऱ्यापर्यंत पोहोचण्याआधी गोठताही कामा नये. यंत्राचा वेग वाढवला की साचा तापत जातो, आणि सगळी अडचण तिथेच. म्हणजे हा प्रश्न यंत्राइतकाच उष्णतेच्या वहनाचाही होता. (या शिशाने कारागिरांचे पोट दुखे, काहींचे मनगट लुळे पडे, छपाईच्या इतिहासात त्याची नोंद फारशी कोणी घेत नाही.) एका वेळी एक अक्षर ओतणारी, पण प्रचलित यंत्रांपेक्षा कितीतरी वेगवान अशी यंत्रे भिसे यांनी बांधली. लायनोटाइप आणि मोनोटाइप या बड्या कंपन्यांनी बाजार व्यापलेला असताना एक परका माणूस त्यांच्याशी झुंजायला निघाला होता.

यंत्र चालत होते, अडला तो पैसा. ब्रिटिश समाजवादी नेते हाइंडमन यांनी भांडवल उभारण्याचा प्रयत्न केला, तो फसला. १९०७ मध्ये म्हातारपणामुळे दादाभाईही भारतात परतले. डिसेंबर १९०८ मध्ये हताश भिसे मुंबईच्या बोटीत बसले. त्याच बोटीवर गोपाळ कृष्ण गोखले होते. त्यांनी या माणसाची कहाणी ऐकली आणि पुढे रतन टाटांना गळ घातली. हे रतन टाटा म्हणजे जमशेटजींचे धाकटे पुत्र. दक्षिण आफ्रिकेतल्या गांधींच्या लढ्याला आणि पाटलीपुत्राच्या उत्खननालाही त्यांनी पैसा दिला होता. त्यांच्या मदतीने ‘टाटा-भिसे’ हा संशोधन उद्योग उभा राहिला आणि भिसे पुन्हा लंडनला कामाला लागले. पण पहिले महायुद्ध सुरू झाले, ही व्यवस्था टिकली नाही आणि १९१६ मध्ये ते न्यूयॉर्कला गेले. तिथे टाइप ओतणाऱ्या यंत्रासाठी त्यांच्या नावाची कंपनीही निघाली. उरलेले आयुष्य मग अमेरिकेतच गेले.

आता आयोडीनकडे. परदेशातल्या मुक्कामात भिसे एकदा आजारी पडले आणि भारतातून आलेल्या एका औषधाने त्यांना गुण आला, असे त्यांच्या चरित्रात सांगितले जाते. दुसरा कोणी देवाचे आभार मानून मोकळा झाला असता. यांनी त्या औषधात काय आहे, याचा शोध सुरू केला. त्यातला मुख्य घटक त्यांना आयोडीन वाटला आणि तो पाण्यात राहील असे मिश्रण त्यांनी तयार केले. त्याचे नाव आधी बेसेलिन, पुढे ॲटोमिडीन.

यात अडचण अशी की शुद्ध आयोडीन पाण्यात फारच कमी विरघळते. १८११ मध्ये फ्रान्सच्या कूर्त्वा यांना ते समुद्रशेवाळाच्या राखेत सापडले, तेव्हापासून ही डोकेदुखी आहे. अल्कोहोलमध्ये विरघळवले तर टिंक्चर होते, पण ते उघड्या मांसाला झोंबते. पोटॅशियम आयोडाइडच्या सोबतीने ते पाण्यात जाते, ही युक्ती १८२९ मध्ये लुगोल यांनी काढली. महायुद्धात खंदकातल्या मातीने माखलेल्या जखमांसाठी पेनिसिलिन नव्हते. जखम कापून साफ करणे आणि जंतुनाशक लावणे, एवढेच हाती होते. अशा वेळी कमी दाहक आयोडीनला मागणी असणे स्वाभाविक. मोठ्या साखळीच्या रेणूत आयोडीन अडकवून ते हळूहळू सोडण्याची आजची पद्धत मात्र १९५० च्या दशकातली, आणि ती भिसे यांच्या मिश्रणातून आलेली नाही.

भिसे यांच्या प्रयोगशील बुद्धीला इथे एक मर्यादा पडली. खिळा चांगला की वाईट, हे शाई लावून कागदावर दाबले की पाच मिनिटांत कळते. औषधाचे तसे नसते. एक रोगी बरा झाला, दहा झाले, तरी ते औषधाने की आपोआप, हे ठरवायला औषध न दिलेल्या रोग्यांशी तुलना करावी लागते, आणि ती शिस्त वैद्यकात तेव्हा पुरती रुजलेलीच नव्हती. त्यामुळे ॲटोमिडीन जखमांपुरते राहिले नाही. एडगर केसी या अमेरिकेतल्या गूढवादी माणसाने पुढे नाना विकारांवर ते थेंबाथेंबाने पोटात घ्यायला सांगितले. प्रौढ माणसाला दिवसाला सुमारे १५० मायक्रोग्रॅम आयोडीन पुरते आणि ते आयोडीनयुक्त मिठातून मिळते. वरून घेतलेल्या जादा आयोडीनने थायरॉइड मंदावू शकते, काहींत उलट अति काम करू लागते. गलगंड असलेल्या वयस्कर माणसाच्या हृदयाची लय त्यामुळे बिघडू शकते. आजही ‘नैसर्गिक’ म्हणून आयोडीनचे थेंब विकत घेणाऱ्यांनी आधी थायरॉइडची तपासणी करून घ्यावी आणि डॉक्टरांना विचारावे.

भिसे यांना ‘भारताचे एडिसन’ म्हटले जाई. एडिसनच्या अखेरच्या काळात दोघांची भेटही झाली. तुलना मात्र अर्धीच खरी आहे. एडिसनच्या नावावर १,०९३ अमेरिकी पेटंट आहेत. त्यांमागे पगारी यंत्रकार, काचकाम करणारे, रसायनतज्ज्ञ आणि वकिलांची फौज होती. भिसे यांनी सुमारे दोनशे शोध लावले आणि त्यांपैकी चाळीसच्या आसपास पेटंट घेतली असे सांगितले जाते. त्यातल्या प्रत्येकासाठी त्यांना नव्याने कोणाचे तरी दार ठोठवावे लागले. दादाभाई, गोखले, टाटा यांच्यासारखी माणसे दार उघडायला होती, हे त्यांचे भाग्य. पण देशात अशा माणसाला बसवून काम देणारी प्रयोगशाळा नव्हती.

७ एप्रिल १९३५ रोजी न्यूयॉर्कमध्ये भिसे यांचे निधन झाले. पुढे छपाई फोटोवर आणि मग कॉम्प्युटरवर गेली, खिळे भंगारात वितळले. ॲटोमिडीनची बाटली मात्र त्यांच्यानंतरही अनेक वर्षे अमेरिकेत विकली जात राहिली.