कर्मयोगी संत श्री गाडगेबाबा

विदर्भाच्या भूमीने महाराष्ट्राला अनेक संतरत्ने दिली. त्यांत अंगावर चिंध्यांचे वस्त्र, हातात खराटा आणि डोक्यावर मातीचे गाडगे अशा वेषात उभे आयुष्य काढलेले श्री गाडगेबाबा यांचे स्थान आगळे आहे. शाळेची पायरी न चढलेल्या या पुरुषाने शाळा उभारल्या, डोक्यावर स्वतःचे छप्पर न ठेवता हजारो यात्रेकरूंना छप्पर दिले. हे कसे घडले, हे पाहण्यासाठी त्यांच्या चरित्राकडे वळले पाहिजे. आयुष्यात बसलेला प्रत्येक घाव त्यांनी मनात न कुढता लोकांच्या उपयोगाला लावला, हेच त्या चरित्राचे सार आहे.

बाबांचा जन्म २३ फेब्रुवारी १८७६ रोजी अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे एका परीट कुटुंबात झाला. त्यांचे नाव देबूजी, वडिलांचे झिंगराजी जानोरकर व आईचे सखुबाई. घरी खाऊनपिऊन बरे होते, पण झिंगराजींना दारूचे व्यसन जडले. त्या व्यसनाने घर धुऊन नेले आणि शेवटी त्यांचा प्राणही घेतला. त्या वेळी देबू जेमतेम आठ वर्षांचा होता. सखुबाई पोराला घेऊन माहेरी, मूर्तिजापूरजवळच्या दापुरे गावी आल्या.

आजोळी देबूने मामाची गुरे राखली, नांगर धरला, पेरणी केली. शेतात तो कोणाला हार जाणारा नव्हता. परंतु आजोळच्या माणसांना अक्षरओळख नव्हती आणि सावकाराशी व्यवहार होता. लिहिणारा सावकार आणि अंगठा उठविणारे घरचे, असा तो काळ. किती फिटले आणि किती राहिले हे कोणाला कळेना. शेवटी जमीन सावकाराच्या घशात गेली आणि मामांनी त्या धक्क्याने हाय खाल्ली. सावकार माणसे घेऊन जमिनीचा ताबा घ्यावयास आला तेव्हा तरुण देबूजी एकटा त्याच्यासमोर उभा राहिला, ही गोष्ट वऱ्हाडात आजही सांगितली जाते. बाप दारूने गेला, मामा अडाणीपणाने व कर्जाने गेले. या दोन गोष्टी त्यांच्या काळजात कायमच्या कोरल्या गेल्या.

अशा प्रसंगी पुष्कळ माणसे दैवाला दोष देतात, कोणी सूडाला पेटतात, तर कोणी स्वतःच बाटलीच्या नादी लागतात. देबूजींनी निराळा मार्ग धरला. त्यांचा विवाह कुंताबाईंशी झाला होता. पहिल्या मुलीच्या बारशाला जातीच्या रिवाजाप्रमाणे दारू व मटणाचे जेवण द्यावयाचे होते. देबूजींनी तो रिवाज मोडून पंगतीला गोड जेवण वाढले. भाऊबंद नाराज झाले, पण जेवून गेले. सुधारणेचा पहिला पाठ त्यांनी स्वतःच्या उंबरठ्याच्या आत घातला, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे.

१ फेब्रुवारी १९०५ रोजी देबूजींनी घर सोडले. मागे वृद्ध आई, पत्नी व लहान मुले होती. त्या माउल्यांनी किती कष्ट सोसले असतील याची कल्पना केलेली बरी. बाबांच्या थोरवीत त्यांचाही वाटा आहे, तो विसरता कामा नये. पुढे बारा वर्षे ते गावोगाव अनवाणी हिंडले. मिळेल ते काम करावे, कोणाची गाडी चिखलात रुतली तर खांदा द्यावा, कोणाच्या शेतात कापणी चालू असेल तर विळा धरावा आणि भाकरीचा तुकडा मिळाला तर गाडग्यात घेऊन खावा, असा त्यांचा क्रम होता. त्या गाडग्यावरूनच लोक त्यांना गाडगेबाबा म्हणू लागले.

अमरावती जिल्ह्यात पूर्णा नदीच्या काठी ऋणमोचन हे तीर्थ आहे. तेथे पौष महिन्यात यात्रा भरते. काठाच्या चिखलात यात्रेकरू घसरून पडत. बाबांनी कोणाची वाट न पाहता स्वतः मुरूम-माती टाकून वाट नीट केली. लोकांनी ते पाहिले, मदतीचे हात पुढे आले आणि पुढे तेथे पक्का घाट झाला. बाबांची कार्यपद्धती येथे स्पष्ट दिसते. आधी आपण कामाला लागावे, मग लोक येतात.

त्यांचे कीर्तनही असेच होते. गावात येताच बाबा खराटा घेऊन रस्ते झाडीत. दिवसभर गाव झाडायचे आणि रात्री कीर्तनातून माणसांची मने झाडायची. त्यांची भाषा वऱ्हाडी, साधी. ते श्रोत्यांना प्रश्न विचारीत आणि उत्तर त्यांच्याच तोंडून वदवून घेत. कर्ज काढून सण व लग्ने करू नका, दारूला शिवू नका, देवापुढे मुके जनावर मारू नका, शिवाशीव पाळू नका आणि घरातले भांडे मोडावे लागले तरी मुलांना शाळेत घाला, हाच त्यांचा उपदेश असे. घरातल्या दारूने व निरक्षरतेने जे हिरावून नेले होते, ते दुसऱ्या कोणाच्या घरातून जाऊ नये, ही तळमळ त्यामागे होती. पाया पडू देणे त्यांना मुळीच आवडत नसे.

१९२३ साली कोकणात खारेपाटण येथे कीर्तन चालू असताना बाबांना त्यांचा मुलगा गोविंदा वारल्याची वार्ता कळली. बाबांनी कीर्तन थांबविले नाही. याचा अर्थ त्यांना दुःख झाले नाही असा कोणी करू नये. समोर बसलेली सारी लेकरे आपलीच मानणाऱ्याला रडण्यासाठी सुद्धा काम सोडता आले नाही, एवढाच त्याचा अर्थ.

लोकांनी बाबांच्या ओंजळीत लाखो रुपये टाकले. त्यांतून पंढरपूर, नाशिक, आळंदी येथे धर्मशाळा झाल्या, मुंबईत इस्पितळात येणाऱ्या रुग्णांच्या नातेवाइकांसाठी निवारा झाला, अन्नछत्रे व शाळा निघाल्या. पंढरपुरी वारीत बाबा येत, पण त्यांचा मुक्काम वाळवंटात व हाती खराटा असे. तेथील चोखामेळा धर्मशाळा १९४९ साली त्यांनी विद्यार्थ्यांच्या सोयीसाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या स्वाधीन केली. कर्मवीर भाऊराव पाटलांच्या रयत शिक्षण संस्थेचा कराड येथील महाविद्यालयाला १९५४ साली बाबांचेच नाव मिळाले. १९५२ साली श्री गाडगे महाराज मिशन स्थापन होऊन सर्व कामाला संस्थेचे रूप आले. एवढ्या मालमत्तेवर आपल्या नातलगांचा कसलाही हक्क राहणार नाही, अशी तजवीज बाबांनी करून ठेवली. लोकांचा पैसा लोकांच्या कामी आणि त्याचा हिशेब चोख, हा त्यांचा दंडक होता. ज्या घराची जमीन खोट्या हिशेबाने गेली, त्या घरातला हा माणूस हिशेबाला किती जपत होता, हे यावरून दिसते.

६ डिसेंबर १९५६ रोजी डॉ. आंबेडकरांचे महापरिनिर्वाण झाले. बाबांना त्याचा फार मोठा धक्का बसला. प्रकृती आधीच खालावली होती. २० डिसेंबर १९५६ रोजी अमरावतीकडे येत असताना वलगावजवळ पेढी नदीच्या पुलावर त्यांनी देह ठेवला. त्यांची समाधी अमरावतीच्या गाडगेनगरात आहे. २००० साली राज्य शासनाने सुरू केलेले ग्रामस्वच्छता अभियान आणि अमरावतीचे विद्यापीठ ही दोन्ही बाबांच्या नावाने ओळखली जातात.

भाविकहो, मनीषनगरच्या या देवस्थानाचा जीर्णोद्धार आपण सर्वांच्या घामाच्या पैशातून पार पडत आहे. कोणी हजार दिले, कोणी अकरा रुपये दिले, कोणी अंगमेहनत केली. या मंगल प्रसंगी बाबांचे स्मरण मुद्दाम करावयाचे ते अशासाठी की, बाबांनी देवाला कधी नाकारले नाही, मात्र देवाच्या दारात उपाशी, उघडा व अडाणी माणूस राहू नये असा आग्रह धरला. नवा रंग दहा वर्षांत उडेल, फरशीही झिजेल. पण या पायऱ्या रोज झाडल्या जातात की नाही, दाराशी आलेल्या तहानलेल्याला पाणी मिळते की नाही, सभामंडपात संध्याकाळी चार मुले अभ्यासाला बसतात की नाही आणि वर्गणीचा जमाखर्च फळ्यावर सर्वांना दिसतो की नाही, यावरच हा जीर्णोद्धार खरा की खोटा ते ठरेल.

आपल्यापैकी प्रत्येकाच्या घरात काही ना काही दुःख आहे. कोणाचे व्यसनाचे, कोणाचे कर्जाचे, कोणाचे वियोगाचे. ते दुःख उगाळीत बसायचे की त्यातून शेजाऱ्यासाठी एखादी वाट बांधायची, हे आपल्याच हाती आहे. ऋणमोचनच्या काठी टाकलेल्या त्या मुरमाच्या पहिल्या टोपलीने हाच धडा दिला आहे. तो धडा गिरविण्याची सद्बुद्धी सर्व ग्रामस्थ, देणगीदार व तरुण मंडळींना लाभो, हीच श्रीचरणी प्रार्थना.