सत्तरीतला जुगार : रामानंद सागर

'आरजू' (१९६५), 'आँखें' (१९६८) असे गाजलेले चित्रपट देणारे निर्माते-दिग्दर्शक रामानंद सागर यांनी सत्तरीच्या उंबरठ्यावर दूरचित्रवाणीची वाट धरली. चित्रपटसृष्टीतील मातब्बरांच्या लेखी छोटा पडदा तेव्हा दुय्यमच होता. 'विक्रम और बेताल'पाठोपाठ २५ जानेवारी १९८७ रोजी दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झाले. चित्रीकरण महाराष्ट्राच्या सीमेलगत, गुजरातेतील उंबरगावात झाले. रविवारी सकाळी रस्ते ओस पडू लागले; ५२ भागांची मालिका ७८ भागांवर गेली. मालिकेच्या संथ गतीवर टीका झाली, त्यात तथ्यही होते. तथापि १९८८ मध्ये ती संपत आली तेव्हा उत्तरकांडही दाखवावे, यासाठी जालंधरच्या सफाई कामगारांनी चक्क संप पुकारला. सागर यांनी पुढे 'लव-कुश'ही काढले. १२ डिसेंबर २००५ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. २०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने 'रामायण'च पुन्हा दाखविले.