डॉ. होसे रिसाल आणि त्यांचा शाळामास्तर

फिलिपाइन्सचे राष्ट्रपुरुष डॉ. होसे रिसाल यांचा जन्म १९ जून १८६१ रोजी कलाम्बा गावी एका कॅथलिक कुटुंबात झाला. अक्षरे आणि प्रार्थना त्यांना आईने शिकविल्या. पुढे मनिलाच्या आतेनेओ शाळेत येशूसंघीय धर्मगुरूंच्या हाताखाली ते घडले. १८७२ साली गोमेस, बुर्गोस व सामोरा या तीन धर्मगुरूंना स्पॅनिश सरकारने देहदंड दिला, तेव्हा ते अवघे दहा वर्षांचे होते. आपली दुसरी कादंबरी त्यांनी या तिघांना अर्पण केली आहे.

त्यांची पहिली कादंबरी ‘नोली मे तांगेरे’ १८८७ साली बर्लिन येथे छापली गेली. पुनरुत्थित ख्रिस्ताने मग्दालियाला ज्या शब्दांनी थांबविले, ते शब्द तिचे शीर्षक झाले. तिच्यातील एका तरुण शाळामास्तराचा अध्याय वाचताना आम्हां धर्मगुरूंना मान खाली घालावी लागते. शाळेला इमारत नाही. वर्ग भरतो धर्मगुरूंच्या निवासाच्या तळमजल्यावर, त्यांच्या घोडागाडीशेजारी. मुले मोठ्याने वाचू लागली की फादर चिडतात. मास्तर स्पॅनिश बोलू लागतो, तर फादर दामासो त्याची टर उडवितात. तो छडी बाजूला ठेवतो आणि मुले आवडीने शिकू लागतात. पण फादरांना ते रुचत नाही, आणि गंमत अशी की आईबापांनाही छडीच हवी असते! अखेर मास्तर आजारी पडतो. दोष केवळ झग्यावर टाकून रिसाल मोकळे होत नाहीत, हा त्यांचा न्यायीपणा मानला पाहिजे.

१८९२ साली त्यांना दापितान येथे हद्दपार करण्यात आले. तेथे त्यांनी रुग्ण तपासले, गावात पाणी आणले आणि मुलांसाठी स्वतःची शाळा काढली. फीऐवजी मुले त्यांच्या शेतात काम करीत.

३० डिसेंबर १८९६ रोजी मनिला येथे त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. आदल्या दिवशी येशूसंघीय धर्मगुरू त्यांच्या कोठडीत होते. ख्रिस्तसभेविरुद्धचे लिखाण त्यांनी तेव्हा मागे घेतले की नाही, यावर इतिहासकारांत अद्याप एकमत नाही.

१९५६ साली त्यांच्या दोन्ही कादंबऱ्या शिक्षणात सक्तीच्या करणारा कायदा झाला. श्रद्धेला बाधा येईल म्हणून तेथील बिशपांनी त्यास कडाडून विरोध केला होता. तो कायदा खाजगी शाळांनाही लागू आहे. त्यामुळे आज धर्मभगिनींच्या शाळेतही फादर दामासोंचा तो अध्याय फळ्यासमोर उभे राहून शिकवावा लागतो.