ड्रेकची विहीर आणि पिटहोलचे वैभव

पेनसिल्व्हानियातील टायटसव्हिल येथे २७ ऑगस्ट १८५९ रोजी, साडेएकोणसत्तर फुटांवर, खनिज तेल लागले. ते काढणारा एडविन ड्रेक पूर्वी रेल्वेत कंडक्टर होता. कर्नल ही पदवी लष्कराची नव्हे, गावकऱ्यांवर छाप पडावी म्हणून कंपनीच्या धन्यांनी बहाल केलेली. विहीर ढासळू नये यासाठी खडकापर्यंत लोखंडी नळ ठोकण्याची युक्ती मात्र त्याची. तिचे पेटंट त्याने घेतले नाही.

जो आधी उपसेल त्याचे तेल, अशी तिथली वहिवाट. शेजाऱ्याच्या आधी उपसण्यातच मग प्रत्येकाचे शहाणपण ठरले. दोष केवळ लोभाचा नव्हता. १८६० च्या आरंभी वीस डॉलरच्या घरात असलेला पिंपाचा भाव १८६१ अखेर दहा सेंटांवर आला. तरीही कोणी थांबले नाही. जवळच्या पिटहोलला जानेवारी १८६५ मध्ये तेल लागताच सप्टेंबरपर्यंत शेतांच्या जागी सुमारे १५,००० वस्तीचे शहर उभे राहिले. हॉटेले, बँका, नाट्यगृहसुद्धा! विहिरी आटल्या, आगी लागल्या. १८७७ मध्ये तिथली नगरपालिकाही विसर्जित झाली.

ड्रेक तोवर सट्ट्यात नागवला गेला होता, दुखण्याने जर्जर झाला होता. १८७३ मध्ये राज्याने त्याला वार्षिक १,५०० डॉलरचे निवृत्तिवेतन दिले. त्यावरच गुजराण करीत १८८० मध्ये तो बेथलेहेम येथे वारला.